कावसजीचं नाक कोणी बसवलं?

हे चित्र तुमच्या फोनवर कधी ना कधी येऊन गेलं असेल. डोक्याला पागोटं बांधलेला एक माणूस सरळ तुमच्याकडे बघतोय. कपाळावर मधोमध व्रण, आणि त्याच्याखाली एक नाक. ठीकठाक नाक, पण नीट पाहिलं तर जरा वेगळं. चित्राखाली बहुतेक वेळा लिहिलेलं असतं की प्लास्टिक सर्जरीचा शोध भारतात लागला, सुश्रुताला वंदन, पुढे पाठवा.

मी पीएच.डी. करतेय ती याच सुमाराच्या काळावर. अठराव्या-एकोणिसाव्या शतकात आपल्याकडे हाताने उपचार करणारी जी माणसं होती, म्हणजे न्हावी, सुईणी, वैदू, हाडं बसवणारे, त्यांच्यावर. त्यामुळे हे चित्र वर्षाला निदान दहा वेळा मला कोणीतरी ‘तुझ्या कामाचं’ म्हणून पाठवतं. खरंच कामाचं आहे. पण चित्राखालच्या मजकुरात जे सांगितलेलं असतं त्यापेक्षा त्यातून जे गळलेलं असतं ते मला जास्त छळतं. आज तेच सांगते.

आधी चित्र कुठून आलं ते बघू. लंडनमध्ये ‘द जंटलमन्स मॅगझिन’ नावाचं एक मासिक निघायचं. सगळ्या विषयांचं कडबोळं असायचं ते: हवामान, धान्याचे भाव, कोण वारलं, कुठे जुनी नाणी सापडली. ऑक्टोबर १७९४ च्या अंकात त्यात एक पत्र छापून आलं. खाली सही फक्त ‘बी. एल.’. ही आद्याक्षरं छापताना चुकली असावीत आणि पत्र मद्रासकडच्या लुकास नावाच्या इंग्रज सर्जनचं असावं, असं बरेच अभ्यासक मानतात. पत्रासोबत हे चित्र होतं आणि एका शस्त्रक्रियेचं वर्णन होतं. छापील मजकूर पानभरसुद्धा नाही, पण शस्त्रक्रियेच्या इतिहासात इतकं गाजलेलं दुसरं पत्र शोधावं लागेल.

पत्रातली हकीकत अशी. कावसजी नावाचा माणूस, जातीने शेतकरी मराठा, १७९२ च्या युद्धात इंग्रजांच्या फौजेत बैल हाकायच्या कामाला होता. (कावसजी हे नाव पारशी आणि जात मराठा, हा घोळ पत्रातलाच आहे. इंग्रजी कानांनी ऐकलेलं नाव इंग्रजी लिपीत उतरताना काय झालं असेल ते सांगणं अवघड.) टिपूच्या सैन्याने त्याला पकडलं, त्याचं नाक कापलं आणि एक हातही तोडला. बैल हाकणारा माणूस म्हणजे क्षुल्लक कैदी असं वाटेल, पण त्या युद्धात बैलांवर सगळं अडलेलं होतं. १७९१ मध्ये कॉर्नवॉलिस श्रीरंगपट्टणच्या दारापर्यंत पोचूनही माघारी फिरला, कारण तोफा ओढायला बैलच उरले नव्हते. मोठमोठ्या तोफा स्वतःच्या हाताने निकामी करून त्याला परतावं लागलं. तेव्हा बैल आणि बैलवाले अडवणं ही लढाईच होती.

नाक कापण्याचा अर्थ मराठी वाचकाला वेगळा सांगायला नको. आपल्या भाषेत नाक कापलं जातं ते घराण्याचं, गावाचं, खानदानाचं. नकटीच्या लग्नाला सतराशे विघ्नं असतात. पकडलेल्याला मारून टाकलं तर तो संपतो. नाक कापून सोडून दिलं तर तो जिथे जाईल तिथे आपला पराभव चेहऱ्यावर घेऊन जातो. कावसजी तसा बारा महिन्यांहून जास्त राहिला. कंपनी सरकारने त्याला पेन्शन दिली. आणि मग, पत्र म्हणतं, पुण्याजवळच्या वीटकाम करणाऱ्या जातीतल्या एका माणसाने त्याला नवं नाक बसवलं.

‘वीटकाम करणाऱ्या जातीतला एक माणूस’. बस, एवढंच. आपल्याकडे विटा भाजायचं काम कुंभारांकडे असे, म्हणून मराठीत त्याला कुंभार म्हणायची पद्धत पडली आहे. मीही तसंच म्हणते.

आता त्याने काय केलं ते बारकाईने बघू, कारण या पत्राचं मोल तिथेच आहे. पहिल्यांदा त्याने मेणाचा पातळ पत्रा घेतला आणि नाकाच्या थोट्यावर बसवून चांगलं दिसेल असं नाक घडवलं. मग तेच मेण पुन्हा सपाट करून कपाळावर ठेवलं आणि कडेने रेघ मारली. म्हणजे नाक उलगडलं तर कातडी किती लागेल, याचा बेतच काढला. शिंपी कापड बेततो तसा. त्या रेघेवरून कपाळाची कातडी सोलून काढली, पण पूर्ण नाही. दोन डोळ्यांच्या मध्ये एक अरुंद पट्टी तशीच जोडलेली ठेवली.

मग नाकाच्या थोट्यावरचा जुना, बरा झालेला व्रण खरवडून ताजा केला आणि त्याच्या मागे, नाकपुड्यांच्या कडेने वरच्या ओठापर्यंत एक चीर घेतली. कपाळाची कातडी खाली आणली, अर्धी पिळली (नाहीतर कातडीची आतली बाजू बाहेर आली असती) आणि तिची कड त्या चिरेत खोचली. टाका एकही नाही. पाण्यात मऊ केलेला कात कापडाच्या पट्ट्यांना फासला आणि पाच-सहा पट्ट्या एकावर एक चिकटवल्या. हो, पानात घालतो तोच कात. इंग्रजी पत्रात त्याला ‘टेरा जॅपोनिका’ म्हटलंय, जपानची माती, कारण युरोपातल्या औषधवाल्यांची बरीच वर्षं तशी समजूत होती. कातात टॅनिन भरपूर असतं, त्यामुळे तो तुरट असतो, रक्तस्राव आवळतो आणि वाळला की घट्ट धरतो. चार दिवस बाकी काही नाही. मग पट्ट्या काढून तुपात भिजवलेली फडकी. पाच-सहा दिवस रोग्याने उताणं पडून राहायचं. दहाव्या दिवशी नाकपुड्या बुजू नयेत म्हणून आत मऊ कापडाचे बोळे. आणि साधारण पंचविसाव्या दिवशी डोळ्यांमधली ती पट्टी कापून टाकायची, थोडी काटछाट करून आकार नीट करायचा.

भूल नाही. ईथरने भूल देऊन शस्त्रक्रिया करणं जाहीरपणे दाखवलं गेलं ते १८४६ मध्ये, म्हणजे अजून पन्नासेक वर्षं दूर.

या सगळ्यात हुशारी कुठे आहे? ती डोळ्यांमधल्या पट्टीत आहे. शरीराचा एखादा तुकडा पूर्ण कापून दुसरीकडे चिकटवला तर तो तिथल्या जखमेतून रक्त मिळेपर्यंत जगला पाहिजे. खूप पातळ कातडी असेल तर ती कशीबशी जगते. आजचे डॉक्टर त्याला ग्राफ्ट म्हणतात. पण नाक करायला जाड, दमदार कातडी लागते आणि ती अशी तग धरत नाही. काळी पडते, सडते. म्हणून तिला तिच्या जुन्या जागेशी बांधून ठेवायचं, म्हणजे जुन्या वाटेने रक्त येत राहतं आणि दरम्यान नव्या जागेशी नव्या रक्तवाहिन्या जुळतात. याला फ्लॅप म्हणतात.

माझ्या आजोळी कोकणात आंब्याचं भेटकलम करायचे, ते ज्यांनी पाहिलंय त्यांना हे एका वाक्यात कळेल. भेटकलमात हापूसची फांदी झाडावरून तोडत नाहीत. रायवळचं रोप कुंडीसकट उचलून फांदीपाशी नेतात. दोघांची साल तासून ताज्या जखमा एकमेकांना भिडवतात, बांधतात आणि वाट बघतात. सांधा पक्का धरला की मगच फांदी मूळ झाडापासून सोडवतात. तोवर फांदी आईच्याच दुधावर असते. कावसजीचं कपाळ ते मूळ झाड, आणि पंचविसावा दिवस म्हणजे कलम उतरवण्याचा दिवस.

ज्यांना यात फक्त जुन्या काळचं कौतुक दिसत असेल त्यांच्यासाठी: नाकाचा मोठा भाग कॅन्सरमुळे किंवा अपघातात गेला तर आजही प्लास्टिक सर्जन कपाळाचाच फ्लॅप वापरतात. कारण कपाळाच्या कातडीचा रंग आणि पोत नाकाशी जुळतो. आज आपल्याला हेही माहीत आहे की भुवईच्या आतल्या टोकापाशी डोळ्याच्या खोबणीतून एक रक्तवाहिनी वर कपाळात जाते. ती पट्टीत सापडली की फ्लॅप जगतो, त्यामुळे पट्टी अगदी अरुंद ठेवली तरी चालते, आणि अरुंद असेल तर पिळायला सोपी जाते. नाकाचा बेत काढायला आजही पातळ नमुना लागतो. टाक्याच्या दोऱ्याचं जे चंदेरी पाकीट असतं त्याचाच कागद पुष्कळदा कापून वापरतात. आणि पट्टी कापायची कधी? साधारण तीन आठवड्यांनी. मेण जाऊन चंदेरी कागद आला, कात जाऊन टाके आले, भूल आली, जंतुनाशकं आली. पण वाट बघण्याचे दिवस जवळपास तेवढेच राहिले, कारण ते कातडीने ठरवलेले आहेत.

अडचणीही होत्या. या नाकाला आतून अस्तर नव्हतं. आतली बाजू कच्ची जखमच राहायची, ती भरताना आकसायची आणि नाक हळूहळू लहान, बसकं व्हायचं. पुढच्या शतकातल्या सर्जननी आतून अस्तर आणि कूर्चेचा आधार देण्याच्या युक्त्या काढल्या त्या यासाठीच. पत्रात शस्त्रक्रिया ‘बहुतेक वेळा यशस्वी होते’ असं लिहिलंय. त्यावर मी इतिहासाची विद्यार्थिनी म्हणून थोडी सावध असते. ज्यांचं नाक सडून गेलं ते लोक आपलं तोंड दाखवायला साहेबाकडे गेले नसणार.

मग सुश्रुताचं काय? सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानात, सोळाव्या अध्यायात, कापलेलं नाक नव्याने करण्याची कृती आहे, यात शंका नाही. झाडाचं पान नाकाच्या मापाचं घ्यायचं, त्या मापाची कातडी कापायची, ती मूळ जागेला जोडलेली ठेवायची, नाकाचा भाग खरवडून तिथे बसवायची आणि श्वासासाठी आत दोन नळ्या ठेवायच्या. तत्त्व अगदी तेच. याच ग्रंथात शिष्याने आधी कोहळ्यावर, दुध्यावर, काकडीवर कापायचा सराव करावा असंही सांगितलंय, ते मला फार आवडतं. पण एक फरक आहे आणि तो चित्राखालच्या मजकुरात कधीच नसतो. सुश्रुतसंहितेत कातडी गालाची आहे. पुण्याजवळच्या कुंभाराने कपाळाची घेतली.

फरक किरकोळ वाटतो का? गालाची कातडी घेतली तर गालावर व्रण पडतो आणि फ्लॅप बाजूने फिरवावा लागतो. कपाळाची घेतली तर ती वरून खाली येते आणि पट्टीला पीळ द्यावा लागतो. म्हणजे मधल्या काळात कोणीतरी, कुठेतरी, हातात सुरी असताना विचार करून पद्धत बदलली. पोथीत ते नोंदवलेलं नाही. कपाळाची पद्धत कावसजीच्या शंभरेक वर्षं आधी तरी दख्खनमध्ये होती, हे मनुची या इटालियन प्रवाशामुळे कळतं. औरंगजेबाच्या काळात हिंदुस्थानात राहिलेल्या या माणसाने विजापूरच्या लढायांमध्ये नाकं कापली जात त्याबद्दल लिहिलंय, आणि त्या मुलखातले लोक कपाळाची कातडी खाली आणून नाक कसं करतात तेही. अशी नाकं आपण बरीच पाहिली, असं तो म्हणतो. उत्तरेत कांगड्यालाही हेच काम करणारे लोक प्रसिद्ध होते. हे सगळे हातावर हात ठेवून शिकलेले लोक होते. मोठ्या भावाचं बघून धाकट्याने, बापाचं बघून मुलाने.

तेव्हा ‘सुश्रुतापासून अखंड परंपरा’ म्हणताना जरा थांबायला हवं. वैद्यांच्या पोथ्यांमध्ये कृती टिकली, पण सुरी बराच काळ वैद्यांच्या हातात नव्हती. ती ज्यांच्या हातात होती त्यांनी पोथी वाचली असण्याची शक्यता कमी. दोघांमध्ये नातं असेलही. पण ते सरळ रेघेचं नाही.

आता जरा पुण्यातल्या इंग्रजांकडे वळू. पत्रात लिहिलंय की ही शस्त्रक्रिया होताना मुंबई इलाख्यातल्या दोन डॉक्टरांनी प्रत्यक्ष पाहिली: मिस्टर टॉमस क्रूसो आणि मिस्टर जेम्स फिंडले. छापताना फिंडलेचं ‘ट्रिंडले’ झालंय. क्रूसो हा पुण्याच्या संगमावरच्या इंग्रज वकिलातीत, चार्ल्स मॅलेटच्या हाताखाली सर्जन होता. मला तुमचं लक्ष वेधायचंय ते त्या ‘मिस्टर’कडे. डॉक्टर नाही, मिस्टर.

कारण १७९३ साली इंग्लंडात सर्जन हा डॉक्टर नव्हताच. डॉक्टर म्हणजे विद्यापीठात लॅटिन शिकलेला, नाडी आणि लघवी बघून औषध लिहिणारा. तो रोग्याला सुरी लावत नसे. सुरी लावणारा वेगळा, आणि त्याचं कूळ न्हाव्याचं. १५४० मध्ये आठव्या हेन्रीच्या काळात लंडनच्या न्हाव्यांचा आणि सर्जनांचा एकच संघ कायद्याने बांधला गेला आणि तो दोनशे वर्षं तसा होता. मुलगा सात वर्षं उस्तादाकडे उमेदवारी करायचा आणि काम शिकायचा. १७४५ मध्ये सर्जन त्यातून बाहेर पडले. सर्जनांच्या कॉलेजला राजाची सनद मिळाली १८०० मध्ये, म्हणजे कावसजीच्या नाकानंतर सात वर्षांनी! त्या काळचा इंग्लंडातला सगळ्यात थोर सर्जन जॉन हंटर (तो १७९३ मध्येच वारला) विद्यापीठाची पदवी न घेताच मोठा झाला. भावाच्या शवविच्छेदनाच्या खोलीत काम करत करत तो शिकला. आजही ब्रिटनमध्ये डॉक्टर झालेला माणूस सर्जनची परीक्षा पास झाला की ‘डॉक्टर’ सोडून पुन्हा ‘मिस्टर’ लावतो. आधी लाज वाटायची तीच गोष्ट आता ते मिरवतात.

म्हणजे त्या दिवशी पुण्याजवळ जे समोरासमोर उभे होते ते ‘आधुनिक विज्ञान’ आणि ‘देशी कारागीर’ असे नव्हते. दोन्हीकडे उमेदवारीने, हाताने शिकलेली माणसंच होती. त्यातही नाक करण्याच्या बाबतीत क्रूसो आणि फिंडले नवशिके होते. युरोपात सोळाव्या शतकात बोलोन्याच्या तालियाकोत्सीने दंडाची कातडी वापरून नाक करायची पद्धत १५९७ च्या ग्रंथात सविस्तर मांडली होती. त्यात रोग्याचा हात कित्येक दिवस डोक्याला बांधून ठेवावा लागे. पुढे ती पद्धत मागे पडली आणि चेष्टेचा विषय झाली. इंग्लंडातल्या एकाही सर्जनला हे काम येत नव्हतं. कुंभाराला येत होतं.

पुढे काय झालं ते झटपट सांगते. लंडनचा सर्जन जोसेफ कार्प्यू याने ही हकीकत मनावर घेतली, हिंदुस्थानातून आलेल्या लोकांकडे चौकशी केली, मृतदेहांवर सराव केला आणि २३ ऑक्टोबर १८१४ रोजी एका लष्करी अधिकाऱ्यावर ही शस्त्रक्रिया केली. दुसरा रोगी कॅप्टन लॅथम. १८११ च्या आल्बुएराच्या लढाईत पलटणीचं निशाण वाचवताना त्याचं नाक आणि एक हात गेला होता. वाचताना मी इथे थबकले होते, कारण कावसजीचंही तेच गेलं होतं, नाक आणि एक हात. १८१६ मध्ये कार्प्यूने दोन्ही शस्त्रक्रियांवर पुस्तक लिहिलं. १८१८ मध्ये बर्लिनच्या फॉन ग्रेफेने ‘ऱ्हायनोप्लास्टिक’ नावाने ग्रंथ काढला. पद्धतीला नाव पडलं ‘भारतीय पद्धत’.

आता नावांची यादी करा. रोगी: कावसजी. साक्षीदार: क्रूसो, फिंडले. चित्रकार: जेम्स वेल्स. पुढे शिकलेला: कार्प्यू. त्याचा रोगी: लॅथम. नामकरण करणारा: फॉन ग्रेफे. ज्याने केलं त्याच्या जागी मात्र आधी एका जातीचं नाव आणि मग एका देशाचं.

‘इंग्रजच ते, काळ्या माणसाचं नाव कशाला लिहितील’ असं तुम्ही म्हणाल. मीही आधी असंच म्हणत होते. माझ्या मार्गदर्शक बाईंनी मला एकच प्रश्न विचारला: ‘आणि गंगाराम तांबट?’

त्याच पुण्यात, त्याच वर्षांत, त्याच मॅलेटच्या आणि वेल्सच्या गोतावळ्यात गंगाराम तांबट नावाचा माणूस काम करत होता. आडनावावरूनच कळतं, भांडी घडवणाऱ्यांच्या जातीतला. मॅलेटच्या पुढाकाराने शनिवारवाड्यात चित्रशाळा सुरू झाली, वेल्स तिथे शिकवायचा आणि गंगाराम त्याच्यासोबत चित्रं काढायचा. वेरूळच्या लेण्यांची त्याने काढलेली चित्रं आज अमेरिकेत येल विद्यापीठाच्या संग्रहात त्याच्या नावाने जपलेली आहेत. म्हणजे हेच इंग्रज, हाच वेल्स, पुण्याच्या एका कारागिराचं नाव नीट लिहून ठेवत होते. मग कुंभाराचं का नाही?

मला वाटतं, उत्तर त्या पत्राच्याच एका वाक्यात आहे. ही शस्त्रक्रिया हिंदुस्थानात काही विरळा नाही आणि अनादिकाळापासून चालत आलेली आहे, अशा अर्थाचं वाक्य त्यात आहे. वरवर पाहता ही स्तुती आहे. पण जी गोष्ट अनादिकाळापासून चालत आलीय ती कोणी एक माणूस ‘करत’ नाही, ती नुसती ‘होते’, पाऊस पडतो तशी. गंगारामचं चित्र हे गंगारामचं काम होतं. कुंभाराचं नाक हा देशाचा रिवाज होता. रिवाजाला नाव विचारायची गरज कोणाला वाटत नाही.

आणि आपण फोनवर जे पाठवतो त्यात तरी दुसरं काय करतो? आपणही श्रेय त्या माणसाच्या हातून काढतो आणि दोन हजार वर्षं मागे नेऊन ठेवतो. फरक एवढाच की आपण ते अभिमानाने करतो. गालाऐवजी कपाळ घेणारा, टाक्याऐवजी कात लावणारा, पंचविसावा दिवस मोजणारा माणूस दोन्हीकडे गायबच.

नाव टिकण्यासाठी गोरं असायला हवं होतं असंही नाही, हे जुनागढच्या उदाहरणावरून दिसतं. संस्थानचे मुख्य डॉक्टर त्रिभुवनदास मोतीचंद शहा यांनी १८८० च्या दशकात कपाळाच्याच कातडीने शंभराहून अधिक नाकं केली. काठेवाडात तेव्हा मकराणी बंडखोर नाकं कापत सुटले होते. १८८९ मध्ये त्यांनी त्यावर इंग्रजीत पुस्तक लिहिलं. त्यांचं नाव प्लास्टिक सर्जरीच्या इतिहासात सापडतं. शस्त्रक्रिया मुळात तीच, करणारा हिंदीच. पण त्यांच्याकडे हुद्दा होता, क्लोरोफॉर्म होता, छापखाना होता. १८४५ मध्ये मुंबईत ग्रँट मेडिकल कॉलेज निघालं आणि १९१२ च्या कायद्याने मुंबई इलाख्यात डॉक्टरांची सरकारी नोंदणी सुरू झाली. सर्जन म्हणजे परीक्षा पास होऊन नोंदवहीत नाव असलेला माणूस, असं ठरत गेलं. लंडनच्या न्हाव्यांच्या संघातून कॉलेज निघालं. पुण्याच्या कुंभारांतून किंवा न्हाव्यांतून तसं काही निघालं नाही. जे हाताने करत होते ते नोंदवहीच्या बाहेर राहिले आणि बाहेर राहिलेल्याला पुढे वैदू, भोंदू अशी नावं पडली. त्यातले काही भोंदू होतेही, हे मान्य.

कुंभारच का, असं मला प्रत्येक व्याख्यानानंतर विचारतात. याचा लेखी पुरावा नाही, म्हणून हा फक्त माझा तर्क समजा. मध्यंतरी माझ्या गावाकडच्या एका कुंभाराला मी ही हकीकत सांगितली. तो माठाला तोटी लावत होता. म्हणाला, दोन्हीकडून खरवडून ओलं केल्याशिवाय सांधा धरतच नाही, वाळलेल्यावर ओलं लावलं तर भट्टीत सुटून पडतं. जुना व्रण खरवडून ताजा का करायचा, हे मला पुस्तकातून कळायला दोन दिवस लागले होते. मातीवरून कातडीवर कोणी उडी मारतं असं नाही, पण ज्याचा हात रोज आकार, जाडी आणि सांधा यांतच असतो त्याला हे काम परकं वाटलं नसेल.

आणि एक सांगायचं राहिलं. माझी आजी एक्याऐंशी वर्षांची आहे. ती लहान असताना तिच्या पाठीवर मोठं करट झालं होतं, ते गावच्या न्हाव्याने वस्ताऱ्याने फोडलं. व्रण अजून आहे. मी तिला त्याचं नाव विचारलं तर तिने क्षणात सांगितलं. त्याच्या बायकोचं नाव, घर कुठे होतं, फोडताना तो कुठली गोष्ट सांगत होता, सगळं.

कावसजी त्या कुंभाराच्या देखरेखीखाली जवळजवळ महिनाभर होता. पाच-सहा दिवस उताणा पडून, तोंडावर काताच्या पट्ट्या. चार दिवसांनी पट्ट्या कोणी काढल्या, तुपाची फडकी कोणी बदलली, पंचविसाव्या दिवशी सुरी कोणाच्या हातात होती, हे त्याला पक्कं माहीत होतं. जानेवारी १७९४ मध्ये, शस्त्रक्रियेला दहा महिने झाले तेव्हा, तो वेल्ससमोर चित्रासाठी बसला. चेहऱ्याचं चित्र काही एका बैठकीत होत नाही. वेल्स त्याच्या कपाळाचा व्रण निरखत होता, नाकाची उतरण रंगवत होता. मधे दोघांची बोलाचाली झालीच असेल, दुभाष्या असेल, क्रूसोही कदाचित येऊन बघून गेला असेल. नाव सांगू शकणारा माणूस समोर बसलेला होता.